झेंडा धरलेली बाई आणि माझी सही

दत्ताराम,

मॅनेजरच्या केबिनमध्ये मी तुझ्यावर दोष ढकलला, हे तुला ठाऊक होतं. तू तिथेच उभा होतास. तुला ठाऊक नव्हतं ते असं, की केबिनमध्ये शिरण्यापूर्वी मी फायलीतून तपासणीचा तक्ता काढून घेतला होता. चार घड्या घालून तो शर्टाच्या खिशात ठेवला होता. त्या तक्त्यावर, पान एकशे शहाऐंशीच्या रकान्यात, माझ्या अक्षरात लिहिलेलं होतं, ‘लीव्ह ॲज इट इज’, आणि खाली माझी सही होती. तू माझं खोटं ऐकत उभा होतास तेव्हा खरं तुझ्यापासून दोन हातांवर माझ्या खिशात होतं.

तो कागद मी फाडला नाही. का फाडला नाही, याचं उत्तर मला सहा वर्षांत सापडलेलं नाही. प्रामाणिक माणूस तो वर काढतो, पक्का लबाड जाळून टाकतो. मी तो घरातल्या जाड शब्दकोशात दडवला आणि त्यानंतर शब्द अडला तरी तो कोश उघडायचं टाळलं.

तुझ्या गावाहून परतून आज नववा दिवस. लिहायला बसतो, उठतो, इथे शारजात अल मजाजच्या पाण्याकाठी एक फेरी मारतो, परत येतो. सुनंदा म्हणते, “एका जागी बसा तरी.” बसवत नाही. तू असतास तर म्हणाला असतास, “साहेब, चित्र सुचत नसेल तर आधी कागद तरी सरळ ठेवा.” तर कागद सरळ ठेवतो आणि पहिल्यापासून आठवतो.

आपल्या मालकांचे धंदे दोन होते, बांधकामाचा आणि पुस्तकं आयात करण्याचा. तू बांधकामाकडचा. ‘पेंटर’ म्हणून व्हिसा मिळाला, तेव्हा तुला वाटलं होतं पाट्या रंगवायच्या असतील. विमानतळावरून दुबईतल्या सोनापूरच्या मजूर-कॅम्पवर नेऊन त्यांनी तुझ्या हातात रोलर दिला. पुस्तकांच्या गुदामाच्या भिंती पांढऱ्या करायला तू शारजाला आलास, आणि जेवणाच्या सुट्टीत खोक्यावरच्या चित्रातला घोडा तू कोळशानं ओल्या भिंतीवर काढलास. मी ओरडायला म्हणून आलो होतो. घोड्याच्या मानेपाशी थांबलो.

“पुसतो साहेब,” तू म्हणालास. “वरून दोन हात मारायचेच आहेत.”

“कुठे शिकलास?”

“मुंबईत दोन वर्षं चित्रशाळेत. तिसऱ्या वर्षी बाप गेला.”

गुदामात पुस्तकं तपासायचं काम माझ्याकडे होतं, आणि मला त्या वेळी असाच हात हवा होता. युरोपातून येणारी चित्रांची पुस्तकं शाळांच्या वाचनालयांत जायची, आणि शाळांच्या सोयीसाठी उघड्या देहांची चित्रं झाकून देण्याची पद्धत आमच्या कंपनीनं आपणहून ठेवली होती. हे काम काळ्या मार्करनं व्हायचं. शाई कागदात मुरून मागच्या पानावर उतरायची. पुढच्या बाजूला एखादी देवता झाकली की मागच्या बाजूला एखाद्या संताच्या कपाळाला डाग. टेबलाशी बसून मी वर्षानुवर्षं हे केलं होतं आणि त्यात काही वावगं आहे असं मला कधी वाटलं नव्हतं. मालकांना विचारून मी तुला गुदामात मागून घेतलं.

पहिल्याच दिवशी तू मार्कर बाजूला ठेवलास. पोस्टर कलरमध्ये थोडा डिंक कालवलास, चित्रातल्याच पडद्याचा रंग जमवलास आणि त्या बाईच्या अंगावर एक वस्त्र घातलंस. खांद्यावरून ते ज्या वजनानं खाली यायला हवं, त्याच वजनानं ते आलं. मी भिंग लावून पाहिलं तरी सांधा कळेना. तू हळूच म्हणालास, “आणि साहेब, ज्याला बघायचंच असेल त्यानं ओला बोळा फिरवावा. हे निघतं. तुमचं ते काळं निघत नाही.”

त्या महिन्यांत मी तुला मजकूर वाचून दाखवायचो आणि तू मला चित्र वाचून दाखवायचास. इंग्रजी परिच्छेद मी मराठीत सांगायचो, तू ऐकताना ब्रश धुवायचास आणि मग पानाकडे बोट करून सगळं उलटवून टाकायचास. मी सांगितलं, सतराव्या शतकात हॉलंडमध्ये राजा नव्हता, व्यापारी आणि शहराचे शिपाई आपापल्या मंडळांची चित्रं करवून घेत. तू म्हणालास, “म्हणजे वर्गणी काढून. आमच्या मंडळाच्या फोटोसारखं.” मग शिपायांच्या तुकडीचं ते अंधार-उजेडाचं मोठं चित्र बराच वेळ पाहिलंस. “वर्गणी सगळ्यांनी भरली, उजेड दोघांना. बाकीचे भांडले असतील, साहेब.” आणि पार मागे, कुणाच्या तरी खांद्याआडून डोकावणारा एक डोळा मला दाखवलास. “हा पेंटर. स्वतःला डोळ्यापुरती जागा घेतली त्यानं.”

स्पेनच्या दरबाराचं ते चित्र आठवतं? मध्ये छोटी राजकन्या, डावीकडे प्रचंड कॅनव्हासपुढे खुद्द चित्रकार, आणि राजा-राणी मागच्या भिंतीवरच्या आरशात, पुसट. तू शुक्रवारी आमच्याकडे जेवायला आला होतास, आणि ते पुस्तक मी घरी आणलं होतं. माझी मुग्धा तेव्हा दहाची. तिनं विचारलं, “बट व्हाय इज द किंग सो स्मॉल?”

मी भाषांतर करण्याआधीच तुला कळलं. “बाळा, कारण ब्रश ह्याच्या हातात आहे. राजाला आरशाएवढा केला, आणि राजानं ह्याला कामावरून काढला नाही. दोघेही मोठेच म्हणायचे.”

सुनंदानं तुला आणखी एक पोळी वाढली. आमच्या घरी तू मला ‘भाऊ’ म्हणायचास आणि गुदामात ‘साहेब’. ही वाटणी तूच केली होतीस, आणि तीत तू एकदाही चुकला नाहीस, म्हणजे, शेवटपर्यंत.

कॅम्पवर तुझं नाव ‘चड्डीवाला’ पडलं होतं. “काय रे चड्डीवाल्या, आज कितीजणींना नेसवलंस?” तुझ्या गावचा परब तुला बसमध्ये विचारायचा, सगळी बस हसायची. तू रागावत नव्हतास, कारण त्याच सुमाराला मी तुला सोळाव्या शतकातल्या रोममधल्या त्या भिंतीची गोष्ट वाचून दाखवली होती. म्हाताऱ्या गुरूनं प्रार्थनाघराच्या भिंतीवर शेवटच्या न्यायाचं चित्र काढलं, सगळे देह उघडे. धर्मसत्तेला घेरलं होतं नव्या पंथानं, तिला आपलं घर स्वच्छ दाखवायचं होतं; भिंत पाडायच्या गोष्टी सुरू झाल्या. शेवटी गुरूच्याच शिष्यानं त्या देहांवर वस्त्रं रंगवली, आणि रोमनं त्यालाही ‘चड्डीवाला’ म्हणून चिडवलं.

“चिडवू दे,” तू म्हणालास. “दुसऱ्यानं भिंत खरवडली असती. आपल्या माणसानं झाकली म्हणून राहिली.”

“पण झाकणं ते झाकणंच ना?”

“झाकणाऱ्याचा जीव तुटतो की नाही, त्यावर आहे ते.”

मी हे वाक्य तेव्हा ऐकलं आणि सोडून दिलं. आता ते मला सोडत नाही.

आपलं खरं भांडण मात्र त्या फ्रेंच चित्रकारावरून. क्रांतीच्या काळात त्यानं राजाच्या मृत्युदंडाच्या बाजूनं मत दिलं, न्हाणीच्या टबात खून झालेल्या आपल्या मित्राला हुतात्मा करून रंगवलं, आणि थोड्याच वर्षांत सम्राटाच्या राज्याभिषेकाचं भिंतभर चित्र केलं. त्या सोहळ्याला सम्राटाची आई आलीच नव्हती. मायलेकांचं बिनसलं होतं. चित्रात मात्र ती मधोमध बसलेली आहे, प्रसन्न.

मी म्हणालो, “पोटासाठी माणूस काय काय करतो, दत्ताराम.”

तू ब्रश खाली ठेवलास. “पोटासाठी माणूस पडदा रंगवतो, खुर्ची रंगवतो. नसलेली आई बसवत नाय कोण.”

“त्यानं कुणाचं वाईट केलं?”

“तिथं नसलेल्याला बसवता आलं, तर असलेल्याला उठवताही येतं, साहेब. हाताला सवय लागते.”

मी हसलो. तुझा मुद्दा मला थोडा बाळबोध वाटला होता. मी सुशिक्षित होतो; सत्तेपुढे कलावंत कसा वाकतो हे मी समजून घेऊ शकत होतो, आणि समजून घेण्यालाच मी उदारपणा म्हणत होतो.

मग पान एकशे शहाऐंशी आलं.

तो युरोपीय चित्रकलेच्या इतिहासाचा जाड ग्रंथ होता, तीसेक प्रती, सगळ्या शाळांसाठी. पहिल्या प्रतीत तू बऱ्याच पानांना वस्त्रं घातली होतीस. या पानावर तू थांबलास. पॅरिसचा रस्ता, धूर, फोडलेल्या फरशांचा ढीग, खाली पडलेली प्रेतं, आणि त्यांवरून पुढे येणारी एक बाई. एका हातात झेंडा, एका हातात बंदूक, झगा खांद्यावरून उतरलेला. मी मजकूर वाचला. राजानं छापखाने बंद करायचे हुकूम काढले, लोक रस्त्यावर आले, तीन दिवसांत राजा गेला. नव्या राजाच्या सरकारनं हे चित्र विकत घेतलं. थोडे दिवस टांगलं, आणि लोकांना त्यातून पुन्हा काही सुचू नये म्हणून उतरवून आत ठेवून दिलं.

“आत म्हणजे?”

“म्हणजे कोठारात असेल कुठेतरी.”

तू आपल्या मांडण्यांकडे, खोक्यांकडे, पंख्याकडे पाहिलंस. “म्हणजे ही पण गुदामातच होती.”

मग तू म्हणालास, “साहेब, हिला नको. बाकी सगळ्यांना नेसवतो. ही काय न्हायला बसलेली नाय. पळताना उतरला झगा, तिला तरी कुठे शुद्ध आहे. आपण खांदा झाकला तर ती थांबून पदर सावरल्यासारखी दिसेल.”

तू माझ्याकडे त्याआधी काहीच मागितलं नव्हतंस. ना सुट्टी, ना ओव्हरटाइम. मी तक्ता पुढे ओढला, पेन काढलं आणि मोठ्या रुबाबात लिहिलं. “राहू दे. मी आहे.” हेच शब्द होते माझे. त्या संध्याकाळी घरी परतताना मला स्वतःविषयी फार बरं वाटत होतं, हेही सांगून टाकतो. पॅरिसच्या रस्त्यावर आपणही एक फरशी टाकली, असं काहीतरी. ते धैर्य मला फुकट मिळालं होतं, म्हणून इतकं गोड लागलं.

महिन्याभरात एका शाळेनं पुस्तक परत पाठवलं. सोबतचं पत्र सभ्य होतं. मॅनेजरचा निरोप आला, ‘फाइल लेके आओ’. फाइल उचलायला मी कपाटाशी गेलो, आणि माझ्या मनानं एका क्षणात सगळं मोजलं: मुग्धाची शाळा, फ्लॅट, सुनंदाची नुकतीच लागलेली नोकरी. हात त्याच्या आधीच तक्त्याकडे गेला होता.

“किसने छोड़ा ये?” मॅनेजरनं विचारलं.

तुला त्यांनी आधीच बोलावलं होतं. तू दारापाशी उभा, नखांना निळा रंग.

“सर, पेंटर से रह गया होगा,” मी म्हणालो. “नज़र से छूट गया.”

ते तुझ्याकडे वळले. “तुमसे रह गया?”

तू माझ्याकडे पाहिलंस. त्या नजरेत राग शोधून शोधून मी थकलो आहे, दत्ताराम. मी पुढे काही बोलेन म्हणून तू थांबलास एवढंच मला आठवतं. मग म्हणालास, “हां साब. रह गया.”

“एक जगह हो तो मानूँ, सब कॉपी में?” त्यांनी पुस्तक मिटलं. “खलास.”

असलेल्याला चित्रातून उठवायला मला एक वाक्य लागलं.

आठवड्याभरात तुझा व्हिसा रद्द होऊन तिकीट आलं. जायच्या आधीच्या शुक्रवारी तू घरी आलास. जेवला नाहीस, पाणी प्यायलास. आपला चांगला ब्रश मुग्धाला दिलास. दारात चप्पल घालताना म्हणालास, “जातंय, साहेब.”

माझ्या घरात, साहेब.

उरलेल्या प्रती परत मागवून मी स्वतः बसून मार्कर फिरवला. मागच्या पानावर काय होतं ते पाहिलं नाही. शाळेनं परत पाठवलेली ती एक प्रत मात्र मी घरी आणली. तिला हात लावायची माझी छाती झाली नाही.

पुढचं मला परबकडून तुकड्या-तुकड्यांनी कळत गेलं. दुबईहून घालवून दिला म्हणजे काहीतरी केलं असणार, असं गावानं धरलं. कुणी चोरी म्हणालं, कुणी म्हणालं नागड्या बायांची चित्रं काढत होता. गणपतीच्या शाळेत मूर्तींचे डोळे तू रेखायचास, तुझ्या वडिलांनंतर तो मान तुझा होता. दोन वर्षं तो दुसऱ्याला दिला. हे ऐकल्यावर मी काय केलं? रोल्लाच्या बाजारात जाऊन उत्तम ब्रशांचा एक संच घेतला आणि सुट्टीवर जाणाऱ्या परबच्या हाती तुला पाठवला. मला वाटतं, इतकी लाज वाटावी अशी भेट मी आयुष्यात दुसऱ्या कुणाला दिली नसेल.

त्या ब्रशांनी काढलेलं चित्र तू परत पाठवलंस. आमच्या हॉलमध्ये ते आहे. आपलं गुदाम, त्या डच शिपायांसारखं मांडलेलं: परब फोर्कलिफ्टवर भालदारासारखा, ड्रायव्हर, शिपाई, खोकी, खिडकीतून तिरपा येणारा उजेड. उजेडात मी, हातात पेन. माझ्या खांद्याआड एक डोळा. येणारे पाहुणे म्हणतात, “वा, काय आदर आहे त्यांना तुमच्याविषयी.” मी मान हलवतो. तू मला उजेडात का ठेवलंस? बक्षीस म्हणून, की आता लपून दाखव म्हणून? कधी मला वाटतं, दोन्ही नाही. तुला फक्त रचनेसाठी तिथे कुणीतरी हवं होतं. ही शक्यता मला सर्वांत जड जाते.

एकदाच मी फोन केला, गेल्या वर्षी. गावातल्या बूथवर तुला बोलावून आणलं. “भाऊ?” तू म्हणालास. तुला मात्र भांडण पुरं करायचं होतं. तुझ्या मुलीनं तालुक्याच्या वाचनालयातून पुस्तक आणून वाचून दाखवलं होतं. “तो तुमचा सम्राटवाला. सम्राट पडला, राजे परत इले, ह्याला देशाबाहेर जावं लागलं. तिथेच मेला. त्याचं मढंसुद्धा परत घेतलं नाय त्यांनी. एवढी आई बसवून काय मिळालं?”

“काहीच नाही,” मी म्हणालो.

“तसं नाय. चित्र चांगलंच आहे. तीच तर पंचाईत.”

मग तू थांबलास. वाट पाहत होतास, त्या केबिनमधल्यासारखीच. मी म्हणालो, “कार्ड संपत आलंय, दत्ताराम.” कार्डावर वीस मिनिटं शिल्लक होती.

परबचा फोन आला तेव्हा मी कामावर होतो. पडवीत रंग कालवताना तू बसल्या जागी कलंडलास, एवढंच त्यानं सांगितलं. मी तेराव्याला पोचलो. तो कागद शब्दकोशातून काढून घेतला होता, आणि ते पुस्तकही. विमानात मी वाक्यं जुळवत होतो. सौम्य, सावरलेली, ‘परिस्थिती’ हा शब्द असलेली वाक्यं. तुझ्या घराशी पोचेपर्यंत त्यातलं एकही माझ्या कामाचं राहिलं नव्हतं.

जेवणं झाली होती. पडवीत चाळीसेक माणसं. तुझ्या फोटोला हार, शेजारी कुणीतरी तुझे ब्रश पाण्यानं स्वच्छ धुऊन ठेवलेले. तुझे चुलते तात्या सगळ्यांना सांगत होते, “हाताचो देवमाणूस आमचो दत्ताराम. पण थय दुबयक नजर चुकली नि पोटार पाय इलो. चूक कोणाक होणा नाय?” माना हलल्या. कुणीतरी मागून पुटपुटलं, “नजर चुकली, काय बायांवर नजर खिळली,” आणि दोघे-तिघे दबून हसले. वहिनी उंबऱ्यापाशी बसल्या होत्या. त्यांनी मान खाली घातली नाही. त्या मला म्हणाल्या, “ते पण तसाच सांगत. माझीच चूक, साहेबांची काय नाय. तुमचा नाव निघाला की घरात कोणाक वायट बोलूक देईत नसत.”

मी उठलो. पुस्तक उघडून पान एकशे शहाऐंशी जमिनीवर, सगळ्यांना दिसेल असं ठेवलं. त्यावर तो कागद उलगडला. घड्यांवर तो फाटायला आला होता. तात्या चष्मा शोधू लागले; तुझ्या मुलीनं पुढे होऊन कागद उचलला आणि इंग्रजी अक्षरं मनात वाचली. मग तिनं माझ्याकडे पाहिलं, आणि वाट पाहिली. तुझ्यासारखीच.

माझा आवाज मुळात लहान. त्या पडवीत तो शेवटच्या माणसापर्यंत जावा, म्हणून मी तुझ्या फोटोकडे वळलो आणि जमेल तितक्या मोठ्यानं बोललो.

“दत्ताराम, तुझी नजर चुकली नव्हती. ते पान तू मला विचारून सोडलंस, आणि सोड म्हणून मी लिहून दिलं. ही माझी सही. मॅनेजरनं विचारलं तेव्हा हा कागद मी खिशात लपवला आणि तुझं नाव सांगितलं. तुझी नोकरी, तुझ्या मूर्तींचे डोळे, या गावातलं तुझं नाव, हे सगळं माझ्यामुळे गेलं. तू सहा वर्षं मला झाकलंस. आता नको. मी चुकलो, मला क्षमा कर.”